व्हरांड्यातल्या हॉकी स्टिक : हम्बोल्टच्या बसची गोष्ट

(हा एपिसोडचा लेखी मजकूर आहे. ऐकताना वाटेत काही सुटलं असेल, तर इथे वाचता येईल.)



आजची गोष्ट एका चौकातली आहे. हा चौक शहरातला नाही. चहूकडे सपाट शेतं आणि त्यात एकमेकांना काटकोनात छेदणारे दोन रस्ते, एवढंच तिथे आहे. जवळ दुकान नाही, पेट्रोल पंप नाही. एप्रिल महिना असूनही शेतांवर बर्फ पडलेलं. या चौकात २०१८ साली एका संध्याकाळी एक बस आणि एक ट्रक एकमेकांवर आदळले. सोळा जण गेले. त्यानंतर काही दिवसांत कॅनडाभर लोकांनी रात्री घराच्या व्हरांड्यात हॉकी स्टिक उभ्या करून ठेवल्या आणि बाहेरचा दिवा चालू ठेवला. मुलं खेळायला परत आली तर त्यांना स्टिक सापडायला हवी, म्हणून.

खरं सांगायचं तर ही बातमी मी पहिल्यांदा उघडली ती वेगळ्याच कारणाने. ट्रकचा ड्रायव्हर आपल्याकडचा होता, पंजाबातून तिकडे गेलेला. "अरे, आपला माणूस?" या एका उत्सुकतेपोटी मी क्लिक केलं. नंतर वाचत गेलो आणि वाचतच राहिलो. कारण माझे मामा आयुष्यभर ट्रकवर होते. नाशिक, धुळे, इंदूर ही त्यांची लाइन. या गोष्टीत जे जे घडतं त्यातलं बरंचसं मी लहानपणी मामांच्या तोंडून ऐकलेलं होतं, वेगळ्या रस्त्यांवरचं.

आधी गाव समजून घेऊ.

गाव आणि त्याची टीम

कॅनडाच्या नकाशावर मधोमध सॅस्कॅचवान नावाचा प्रांत आहे. गव्हाचा प्रदेश. जमीन इतकी सपाट की लांबून येणारी गाडी कितीतरी आधी दिसते. या प्रांतात हम्बोल्ट हे साधारण सहा हजार वस्तीचं गाव आहे. आपल्या हिशोबाने तालुक्याचं ठिकाणही नाही, मोठं खेडंच म्हणायचं. नाव मात्र मोठं, जर्मन निसर्गशास्त्रज्ञ अलेक्झांडर फॉन हम्बोल्ट यांच्यावरून पडलेलं.

या गावाची आइस हॉकीची एक टीम आहे, हम्बोल्ट ब्रॉन्कोज. स्थापना १९७० ची. खेळाडू कोण? तर सोळा ते एकवीस वर्षांची मुलं. २००३ आणि २००८ साली या टीमने ज्युनियर पातळीवरचं राष्ट्रीय विजेतेपद जिंकलं होतं. सहा हजारांच्या गावासाठी ही केवढी मोठी गोष्ट आहे, विचार करा.

इथे एक पद्धत समजून घ्यायला हवी, नाहीतर पुढची गोष्ट नीट कळणार नाही. या टीममधली बरीच मुलं गावातली नसतात. आजूबाजूच्या प्रांतांतून, शेकडो किलोमीटरवरून आलेली असतात. ती हॉस्टेलवर राहत नाहीत. गावातली कुटुंबं त्यांना आपापल्या घरी ठेवून घेतात. तिथे या घरांना "बिलेट फॅमिली" म्हणतात. त्या घरची बाई मुलाला सकाळी उठवते, डबा देते, शाळेत पाठवते, संध्याकाळी मॅच बघायला जाते. आपल्याकडे पूर्वी शिकायला शहरात आलेलं पोर नातेवाइकांकडे राहायचं, साधारण तसंच. फरक एवढाच की इथे नातं नसतं, ते मागाहून तयार होतं.

म्हणजे त्या बसमधल्या एकेका मुलाला दोन-दोन घरं होती. एक जन्माचं आणि एक हम्बोल्टचं. गावात कुठे ना कुठे प्रत्येकाची एक खोली होती, एक पलंग होता, जेवणाच्या टेबलावर ठरलेली खुर्ची होती.

थंडीच्या दिवसांत अशा गावात करायला फार काही नसतं. बाहेर उणे तीस, रस्त्यावर बर्फ. मग लोक रिंकवर जमतात. दुकानदार, शेतकरी, शिक्षक, शाळेतली पोरं, सगळे. त्यामुळे टीम ही गावासाठी नुसती करमणूक नसते. हिवाळाभर गाव एकत्र येतं ते या टीमच्या निमित्ताने.

६ एप्रिल २०१८, शुक्रवार

त्या दिवशी टीम निघाली होती निपाविन या गावाला. लीगची सेमीफायनल चालू होती, निपाविन हॉक्स विरुद्ध पाचवा सामना. प्लेऑफसाठी मुलांनी गंमत म्हणून केस सोनेरी रंगवले होते. जवळजवळ सगळ्यांनी, एकसारखे. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे येणार आहे.

बसमध्ये एकूण २९ जण होते. खेळाडू, कोच, सहायक कोच, टीमची फिजिओ, आकडेवारी ठेवणारा पोरगा, रेडिओवर कॉमेंट्री करणारा आणि ड्रायव्हर. काही पालक आपापल्या गाड्यांनी मॅचला निघाले होते.

बस हायवे ३५ वरून उत्तरेकडे चालली होती. टिस्डेल गाव मागे टाकून आर्मली नावाच्या ठिकाणाजवळ आली. इथे हायवे ३३५ आडवा येतो. सिग्नल नाही. ३५ वरच्या गाडीने सरळ जायचं, ३३५ वरच्या गाडीने थांबायचं, असा नियम. त्यासाठी ३३५ वर मोठी स्टॉपची पाटी आहे, तिच्यावर लुकलुकणारा लाल दिवा आहे आणि त्याआधी एकापाठोपाठ चार सूचनाफलक आहेत.

संध्याकाळी पाचच्या सुमारास ३३५ वरून एक ट्रक पश्चिमेकडे येत होता. मागे एकाला एक जोडलेले दोन ट्रेलर. माल होता पीट मॉसचे गठ्ठे. पीट मॉस म्हणजे नर्सरीत कुंड्यांमध्ये घालतात तो दलदलीतला वाळलेला शेवाळासारखा भाग.

ट्रक थांबला नाही. ताशी ऐंशी-नव्वद किलोमीटरच्या वेगाने तो चौकात शिरला. बसच्या ड्रायव्हरने जोरात ब्रेक मारले. त्याच्या बसची चाकं रस्त्यावर घासत गेल्याच्या खुणा पुढे तपासात मोजल्या गेल्या. पण समोर एवढा मोठा ट्रक आडवा असताना ब्रेक मारून काय होणार? बस ट्रेलरवर आदळली.

सोळा जण गेले. दहा खेळाडू, आणि कोच, सहायक कोच, फिजिओ, आकडेवारीवाला, रेडिओवाला, बस ड्रायव्हर. तेरा जण वाचले, तेराही खेळाडू. त्यातल्या काहींच्या मणक्याला मार लागला, काहींच्या मेंदूला. दोन मुलं पुन्हा पायावर उभी राहू शकली नाहीत.

ट्रक ड्रायव्हरला फारसं काही झालं नाही.

त्या रात्री

निपाविनच्या रिंकवर प्रेक्षक जमलेले होते. बस काही येत नव्हती. मग कुजबुज सुरू झाली, मग फोन. निपाविनमधल्या एका चर्चमध्ये पालक एकत्र बसले आणि खबर यायची वाट बघू लागले. कोणाचा मुलगा कोणत्या हॉस्पिटलमध्ये आहे, आहे की नाही, हे समजायला रात्र गेली.

आणि इथे ती केसांची गोष्ट येते. सगळी मुलं साधारण एका वयाची, एका बांध्याची, सोनेरी केसांची. चेहरे सुजलेले. त्या गोंधळात दोन मुलांची अदलाबदल झाली. एका घराला सांगितलं गेलं की तुमचा मुलगा गेला. दुसरं घर हॉस्पिटलमध्ये पलंगाशी बसून राहिलं, आपलं पोर जगावं म्हणून. सोमवारी सरकारी खात्याने जाहीर केलं की चूक झाली. जो गेला असं सांगितलं होतं तो जिवंत आहे. ज्याच्या उशाशी आई-वडील बसले होते तो त्यांचा मुलगा नाही, त्यांचा मुलगा शुक्रवारीच गेला.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा फोन बाजूला ठेवला. दोन्ही घरांबद्दल एकाच वेळी कसं वाटून घ्यायचं, मला सुचेना. हम्बोल्टच्या लोकांना तर ते आठवडाभर करायचं होतं, कारण दोन्ही मुलं त्यांचीच.

रविवारी ८ एप्रिलला गावच्या रिंकमध्ये शोकसभा झाली. देशाचे पंतप्रधान येऊन प्रेक्षकांत बसले. नंतर बरेच दिवस गावात अंत्ययात्राच चालू होत्या, आणि काही मुलांचे अंत्यसंस्कार शेकडो किलोमीटरवर, त्यांच्या मूळ गावी.

स्टिक, जर्सी आणि पैसे

व्हरांड्यात हॉकी स्टिक ठेवायची कल्पना सोशल मीडियावरून पसरली. १२ एप्रिलला शाळांमध्ये, ऑफिसांमध्ये लोक खेळाच्या जर्सी घालून आले. एका बाईने ऑनलाइन मदतनिधी सुरू केला होता. तो बारा दिवसांत दीड कोटी कॅनेडियन डॉलरच्या वर गेला. देणारे एक लाख चाळीस हजारांहून जास्त, ऐंशीएक देशांतले.

मग प्रश्न आला की हे पैसे वाटायचे कसे? गेलेल्याच्या घराला जास्त, की आयुष्यभर व्हीलचेअरवर बसणाऱ्याला? हा प्रश्न गावकीत सुटणारा नव्हता. प्रकरण कोर्टाच्या देखरेखीखाली गेलं. शेवटी गेलेल्या सोळा जणांच्या घरांना प्रत्येकी सव्वापाच लाख आणि वाचलेल्या तेरा जणांना प्रत्येकी पावणेपाच लाख डॉलर असं ठरलं. सगळ्यांना ते पटलं असेल असं मी म्हणणार नाही. दुःखाची मोजदाद कोर्टातून करून घ्यावी लागली, हीसुद्धा त्या गावाच्या वाट्याला आलेली गोष्ट.

इथे थोडा जुना इतिहास सांगतो. याच प्रांतात, ३० डिसेंबर १९८६ ला, स्विफ्ट करंट ब्रॉन्कोज या दुसऱ्या टीमची बस बर्फावरून घसरून उलटली होती आणि चार खेळाडू गेले होते. प्रांत तोच, खेळ तोच, टीमचं नावही ब्रॉन्कोज. त्या अपघातातून वाचलेले आणि पुढे मोठ्या लीगमध्ये खेळलेले शेल्डन केनेडी २०१८ मध्ये हम्बोल्टला येऊन मुलांना भेटले. बत्तीस वर्षांपूर्वी आपल्याशी याबद्दल कोणी बोललंच नव्हतं, हे त्यांना माहीत होतं. १९८६ मध्ये पोरांना सांगितलं गेलं, चला, पुढचा सामना आहे. २०१८ मध्ये गावात समुपदेशक आले. मधल्या काळात एवढं तरी बदललं होतं.

आणि त्या आर्मलीच्या चौकाचाही जुना इतिहास आहे. १९९७ साली तिथेच एकाच कुटुंबातली सहा माणसं अपघातात गेली होती. त्यांचे सहा पांढरे क्रूस चौकात उभे होते. बस त्यांच्यासमोरच आदळली.

ट्रकवरचा माणूस

आता ड्रायव्हरकडे येऊ. त्याचं नाव मी घेणार नाही. सर्च केलंत तर एका मिनिटात सापडेल, पण या एपिसोडला त्याची गरज नाही.

वय २९. भारतातून गेलेला, कॉमर्सचा पदवीधर. दोन महिन्यांपूर्वीच लग्न झालेलं. बायको शिकत होती. पैसे हवेत म्हणून त्याने ट्रकचं लायसन्स काढलं. आठवडाभराचा कोर्स केला. कॅलगरीतल्या एका छोट्या ट्रान्सपोर्टवाल्याकडे कामाला लागला. दोन आठवडे सोबत कोणीतरी होतं, नंतर दोन ट्रेलरची गाडी एकट्याच्या हातात.

तो प्यायलेला नव्हता. फोनवर बोलत नव्हता. मग झालं काय? त्याच्या मागच्या ट्रेलरवरची ताडपत्री सुटून फडफडत होती. वाटेत एकदा थांबून त्याने ती नीटही केली होती. पुन्हा सुटली. तो आरशात बघत राहिला. पुढचे चार फलक, लाल दिवा, स्टॉपची पाटी, काहीच त्याच्या डोक्यात शिरलं नाही.

हे वाचलं आणि मला मामा आठवले. मामा आधी सात-आठ वर्षं किन्नर होते. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, किन्नर म्हणजे ट्रकवरचा क्लीनर. मागे पाहा, टायर ठोकून बघा, दोर आवळा, रिव्हर्सला हाक मारा, ही त्याची कामं. एवढी वर्षं हे केल्यावर उस्तादांनी त्यांच्या हातात स्टिअरिंग दिलं, तेही आधी रिकाम्या गाडीचं. मामा सांगायचे, "ताडपत्री वाजायला लागली ना, की गाडी बाजूला घ्यायची. आरशात बघत बसलास की गेलास." किन्नरगिरी ही काही आदर्श पद्धत नव्हती, पोरांना राबवून घेण्याचाच तो प्रकार होता. पण वाजणाऱ्या ताडपत्रीचं काय करायचं, हे त्यात अंगवळणी पडायचं. आठवडाभराच्या कोर्सात ते कुठून येणार?

आणि त्या वेळी सॅस्कॅचवानमध्ये ट्रकच्या लायसन्ससाठी एवढ्या तासांचं ट्रेनिंग घ्याच, अशी सक्ती नव्हती. परीक्षा पास झालात की चला.

अपघातानंतर सरकारी तपासणीत त्याचं लॉगबुक उघडलं गेलं. लॉगबुक म्हणजे किती तास गाडी चालवली, किती तास झोपला, याची नोंदवही. आधीच्या अकरा दिवसांत ७० नियमभंग निघाले. अहवालात असंही होतं की त्या दिवशी वाटेत कोणी तपासणी केली असती, तर त्याला ७२ तास गाडी चालवायला बंदी झाली असती. कोणी तपासलं नाही. गाडीच्या मालकावर या नोंदींच्या नियमांखाली वेगळी केस झाली. त्याने गुन्हा कबूल केला. दंड झाला ५,००० डॉलर.

मेलफर्टचं कोर्ट

जानेवारी २०१९. ड्रायव्हरवर २९ आरोप होते, सोळा मृत्यूंचे आणि तेरा जखमींचे. म्हणजे बसमधल्या प्रत्येक माणसासाठी एक. त्याने २९ च्या २९ कबूल केले. वकिलामार्फत सांगितलं की खटला चालवून या लोकांना आणखी त्रास द्यायचा नाही. कोणतीही सौदेबाजी केली नाही.

शिक्षेची सुनावणी मेलफर्ट या गावात झाली. घरच्यांची नव्वदच्या आसपास निवेदनं. एकेक आई, बाप, बहीण, बिलेट घरची माणसं, होणारी बायको, उठून आपलं वाचत होते आणि तो समोर बसून ऐकत होता. काहींनी सांगितलं, तुला कधीच माफी नाही. काहींनी त्याच खोलीत सांगितलं, आम्ही तुला माफ केलं. एका बापाने नंतर त्याला भेटून मिठी मारली.

२२ मार्च २०१९ ला न्यायाधीशांनी आठ वर्षांची शिक्षा सुनावली. त्यांचं म्हणणं साधारण असं होतं की हा क्षणभर डोळा लागल्याचा प्रकार नाही. एवढं अंतर, एवढे फलक, एवढा वेळ त्याला मिळालेला होता.

मंडळी, इथे मला माझ्या मनातला एक गुंता सांगायचा आहे. ताडपत्रीची गोष्ट वाचल्यावर मी त्याच्या बाजूने विचार करायला लागलो होतो. बिचारा, नवखा, मालकाने पाठवलं. पण न्यायाधीशांचं हे म्हणणं वाचलं आणि थांबलो. नवखा होता, हे खरं. पण गाडी थांबवणं त्याच्याच हातात होतं, हेही खरंच. कोर्टात त्यानेही अननुभवाकडे बोट दाखवलं, पण जबाबदारी पूर्ण आपली म्हणून. त्याने स्वतःला जी सूट दिली नाही, ती मी त्याला केवळ "आपला माणूस" म्हणून देत होतो का?

काय बदललं

मार्च २०१९ मध्येच सॅस्कॅचवानने नियम आणला की अशा ट्रकच्या लायसन्सआधी किमान साडेएकशेएकवीस तासांचं ट्रेनिंग घ्यावंच लागेल. शेजारच्या प्रांतांनीही तेच केलं. ओंटारियोने आधीच, २०१७ साली, केलं होतं. पुढच्याच वर्षी देशपातळीवरचं एक किमान प्रमाण आलं. सुरुवातीला शेतकऱ्यांना सूट होती, त्यावरून घरच्यांनी आवाज उठवला. मोठ्या प्रवासी बसमध्ये सीटबेल्ट बसवणं सक्तीचं झालं, सप्टेंबर २०२० पासून बनणाऱ्या नव्या बससाठी. आर्मलीच्या चौकातही सुधारणा झाल्या. रस्त्यावर गाडी थरथरवणाऱ्या पट्ट्या आल्या.

पण सगळ्यात मोठा बदल कायद्याने झाला नाही, एका मुलामुळे झाला. याचं नाव घेतो, कारण ते त्याच्या घरच्यांनीच देशभर पोचवलं आहे. लोगन बूले, वय २१, लेथब्रिजचा.

लोगनला ट्रेनिंग देणारे एक कोच होते. २०१७ मध्ये ते अचानक वारले आणि त्यांच्या अवयवांमुळे सहा जणांना जीवदान मिळालं. लोगनने तेव्हा घरी सांगितलं, एकवीस पूर्ण झाले की मीही नाव नोंदवणार. मार्च २०१८ मध्ये तो एकवीस वर्षांचा झाला, त्याने नोंदणी केली. साधारण महिनाभराने अपघात. ७ एप्रिलला तो गेला आणि त्याच्या अवयवांमुळेही सहा जण वाचले. त्यांच्याएवढेच सहा.

ही बातमी पसरली आणि लोक अवयवदानासाठी नोंदणी करायला लागले. पुढच्या दोनेक महिन्यांत जवळपास दीड लाख कॅनेडियन नागरिकांनी नावं नोंदवली. तिथे याला "लोगन बूले इफेक्ट" म्हणतात. दर वर्षी ७ एप्रिलला लोक हिरवा शर्ट घालतात. हिरवा, कारण तो टीमचा रंग आणि अवयवदानाचाही.

यात मला महत्त्वाचं वाटतं ते हे की लोगनने नुसता फॉर्म भरला नव्हता, घरी बोललाही होता. त्या रात्री हॉस्पिटलमध्ये डॉक्टरांनी विचारलं तेव्हा आई-वडिलांना त्याची इच्छा माहीत होती. तुम्ही हे ऐकत असाल आणि तुमचाही विचार असेल, तर फॉर्म भराच, पण आज जेवताना घरी एकदा बोला. आई ओरडेल, "काहीतरी अशुभ बोलू नकोस." तरी बोला.

पुन्हा रिंकवर

लीगने ठरवलं की फायनल व्हायला हवी. निपाविनच्या पोरांनी ती खेळली आणि जिंकली. ज्या टीमशी खेळायला समोरची बस येत होती, त्या टीमने हे कसं केलं असेल, कोण जाणे.

हम्बोल्टमध्ये प्रश्न होता, टीम ठेवायची का? ठेवायची तर घेणार कोणाला, आणि आपलं पोर तिथे पाठवणार कोण? टीम ठेवली. नव्या मुलांना पुन्हा गावातल्या घरांनी ठेवून घेतलं. १२ सप्टेंबर २०१८ ला गावच्या रिंकवर पहिला सामना झाला, समोर पुन्हा निपाविनच. बसमधल्या मुलांपैकी दोघं त्या दिवशी हम्बोल्टकडून खेळले. हम्बोल्ट २–१ ने हरलं. सामना संपल्यावर बसमधल्या २९ जणांचा सन्मान झाला आणि कोणीही लवकर घरी गेलं नाही.

वाचलेल्यांपैकी एक गोलकीपर होता. कमरेखालचं शरीर हलत नाही. त्याने पुढे पाण्यातले खेळ निवडले आणि २०२४ मध्ये पॅरिसच्या पॅरालिम्पिकमध्ये कॅनडाकडून रोइंग केलं.

परत पाठवायचं का?

गोष्ट इथे संपली असती. पण ड्रायव्हर कॅनडाचा नागरिक नव्हता, कायमचा रहिवासी होता. तिथल्या कायद्यात अशा माणसाला सहा महिन्यांपेक्षा जास्त शिक्षा झाली की देशाबाहेर काढण्याची कारवाई होऊ शकते. २०२२ मध्ये तो पॅरोलवर सुटला. २०२३ च्या डिसेंबरमध्ये फेडरल कोर्टाने त्याचे अर्ज फेटाळले. मे २०२४ मध्ये त्याला भारतात परत पाठवण्याचा आदेश निघाला. त्यानंतरही माणुसकीच्या मुद्द्यावर थांबू द्यावं, यासाठी त्याची धडपड चालू राहिली.

यावर सोळा घरांचं एकमत नाही. काही जण म्हणतात, नियम तो नियम, आमचं पोर परत येणार नाही, मग यानेच का राहावं? काही जण म्हणतात, त्याने शिक्षा भोगली, त्याला घालवून आम्हाला काय मिळणार? आणि हे लोक एकमेकांना ओळखतात, एकमेकांच्या मुलांचे वाढदिवस लक्षात ठेवतात. एकाच दुःखातली माणसं एकाच निर्णयाला यायला हवीत, असं काही नसतं. हम्बोल्टने ते मान्य करून टाकलंय असं दिसतं.

मी हा एपिसोड करायच्या आधी मामांना फोन केला. सगळी गोष्ट सांगितली. विचारलं, "मामा, तुम्हाला काय वाटतं, परत पाठवावं का त्याला?"

मामांनी उत्तर दिलं नाही. उलट विचारलं, "गाडीवर किती दिवस होता?"

म्हटलं, "काही आठवडे."

"आणि मालक?"

"पाच हजार डॉलर दंड."

मामा बराच वेळ गप्प. मग म्हणाले, "मीसुद्धा एकदा फाट्यावर थांबलो नव्हतो. शिरपूरच्या अलीकडे. समोरून कोणी आलं नाही, म्हणून आज तुझ्याशी बोलतोय. तुझ्या मामीलासुद्धा हे सांगितलेलं नाही."

तीस वर्षांपूर्वीची गोष्ट. आजपर्यंत घरात कोणालाच माहीत नव्हती. मामांनी परवानगी दिली म्हणून सांगतोय.

आपल्या देशात २०२२ या एका वर्षात १,६८,४९१ माणसं रस्त्यांवर गेली. दिवसाला साधारण ४६०. त्यातल्या बहुतेकांच्या नावाने कुठे स्टिक उभी राहिली नाही, निधी जमला नाही, कायदा बदलला नाही. हम्बोल्टची माणसं आपल्यापेक्षा हळवी आहेत म्हणून त्यांनी हे केलं, असं मला वाटत नाही. त्यांनी एक काम नेटाने केलं. फलक किती होते, ट्रेनिंग किती तासांचं होतं, लॉगबुकात काय होतं, मालक कोण, हे एकेक विचारत राहिले. "नशीब" म्हणून विषय बंद केला नाही. आपल्याकडे अपघात झाला की पेपरात येतं, "चालकाचा ताबा सुटल्याने". ताबा का सुटला, किती तास जागा होता, शिकला कुठे, हे दुसऱ्या दिवशी कोण विचारतं?

तुमच्या गावाजवळ असा एखादा चौक, फाटा, वळण असेल. सगळ्यांना माहीत असलेला. "तिथे सांभाळून जा" असं आई सांगते तो. त्याबद्दल मला लिहून पाठवा. तिथे काय झालं होतं, आणि त्यानंतर कोणी काही केलं का, एवढंच. पुढचा एक एपिसोड त्यावरच करायचा विचार आहे.

आणि हो, गाडी चालवताना हे ऐकत असाल, तर आत्ता बंद करा. घरी पोचल्यावर ऐका.

भेटूया. नमस्कार.